डेबियन १२ चा सर्व्हर, डेबियन ९ चा कंटेनर: ग्रंथालयाच्या फायरवॉलच्या नोंदी

सोमवार, १० जून २०२४

महाविद्यालयाच्या ग्रंथालयाचा सर्व्हर अजून डेबियन १० या लिनक्स प्रणालीवर आहे. ही आवृत्ती जुलै २०१९ ची, आणि तिचा एलटीएस, म्हणजे दीर्घ मुदतीचा, आधार येत्या ३० जूनला संपतो. याच मशीनवर कोहा हे ग्रंथालयाचं सॉफ्टवेअर चालतं: कॅटलॉग, देवघेव, सगळ्या सभासदांची माहिती. सुरक्षेचे अपडेट बंद झालेल्या मशीनवर हे ठेवणं योग्य नाही, असं ग्रंथपाल मॅडमना सांगितलं. त्यांनी २२ आणि २३ जून, शनिवार-रविवार, सर्व्हर बंद ठेवायला होकार दिला.

१० वरून थेट १२ वर जाता येत नाही. आधी ११, ते स्थिरावलं की १२.

आजची स्थिती नोंदवून ठेवते. कर्नल, म्हणजे प्रणालीचा गाभा, ४.१९. आयपीटेबल्स (फायरवॉलचे नियम लिहिणारा प्रोग्रॅम) १.८.२, आणि अल्टरनेटिव्हमध्ये, म्हणजे एका नावाखाली कुठला प्रोग्रॅम चालवायचा त्या निवडीत, ते कुणीतरी हाताने 'लेगसी'वर, म्हणजे जुन्या पद्धतीवर, लावलेलं. माझ्या आधीच्या सरांनी केलं असणार. कारण कुठे लिहिलेलं सापडलं नाही. बाहेरून सुरक्षितपणे आत येण्याचा बोगदा, ओपनव्हीपीएन, डॉकरच्या एका कंटेनरमध्ये, म्हणजे मशीनच्या आतच वेगळ्या बांधलेल्या कप्प्यात, आहे. कंटेनर प्रिव्हिलेज्ड आहे, म्हणजे त्याला मशीनचे जास्तीचे अधिकार आहेत; तो होस्टचंच, म्हणजे मूळ मशीनचंच, नेटवर्क वापरतो आणि त्याची इमेज (साचा) डेबियन ९ वर बांधलेली आहे. त्याच्या आत सध्या हात घालत नाही.

रविवार, २३ जून २०२४

दोन्ही टप्पे पार पडले. काल ११, आज १२. कर्नल ६.१, आयपीटेबल्स १.८.९, एनएफटेबल्स १.०.६. कोहा उघडतंय, व्हीपीएन चालतंय.

एक बदल मुद्दाम केला. आयपीटेबल्सचं अल्टरनेटिव्ह लेगसीवरून काढून डेबियनच्या मूळ निवडीवर, म्हणजे एनएफटीवर (एनएफटेबल्सवर) आणलं. आयपीटेबल्स २००१ च्या २.४ कर्नलपासूनचं, त्याची जागा घ्यायला आलेलं एनएफटेबल्स जानेवारी २०१४ मध्ये ३.१३ कर्नलमध्ये दाखल झालं. २०१८ च्या १.८.० पासून आयपीटेबल्स या एकाच नावाखाली दोन प्रोग्रॅम मिळतात. एक जुन्या पद्धतीने कर्नलच्या जुन्या टेबलांत नियम लिहितो, दुसरा तीच आज्ञा घेऊन एनएफटेबल्समध्ये लिहितो. वापरणाऱ्याला फरक दिसतो तो आवृत्ती विचारल्यावर कंसात येणाऱ्या एका शब्दाचा. डेबियन १० पासून दुसरा प्रोग्रॅम मूळ निवड आहे, म्हणून आपणही त्यावर यावं असं वाटलं.

रीबूट केलं. सुरू होताना नियम परत भरणाऱ्या नेटफिल्टर-पर्सिस्टंटने जतन केलेले नियम नव्या जागी भरले. यादी ताडून पाहिली, ओळ न ओळ जुळली.

व्हीपीएन रात्रीत पडलं तर घरून दुसरी वाट असावी म्हणून २२ पोर्ट (एसएसएचचा, म्हणजे दुरून लॉगिनचा) तात्पुरता सगळ्यांना उघडला. उद्या बंद करायचा.

सोमवार, २४ जून २०२४

रात्री घरून २२ वर जोडणी झाली नाही. पावसात आमच्याकडचं ब्रॉडबँड असंच अडतं. थोड्या वेळाने व्हीपीएनमधून आत गेले आणि सगळं ठीक दिसलं. दिवसभर सभासदांच्या ओळखपत्रांच्या छपाईत गेला.

गुरुवार, २७ जून २०२४

नव्या इमारतीतलं देवघेव काउंटर आज सुरू व्हायचं होतं. तिथल्या संगणकांना नवी रेंज, म्हणजे पत्त्यांचा नवा गट, दिली आहे, १०.२०.८.०/२४. कोहाचा कर्मचाऱ्यांचा भाग ८०८० पोर्टवर आहे. रेंजसाठी नियम घातला, यादीत तो अगदी वर दिसतो. तरी काउंटरवर पान उघडत नाही. ब्राउझर गोल फिरत राहतो आणि शेवटी वेळ संपल्याचं सांगतो. जुन्या इमारतीतलं काउंटर त्याच वेळी व्यवस्थित चालू.

सत्राची सुरुवात आहे, मुलांची रांग दारापर्यंत. काउंटरवरच्या काकांनी जुनं रजिस्टर काढलं आणि परिग्रहण क्रमांक हाताने लिहायला घेतले.

मी सर्व्हरपाशी. वेबसर्व्हर अपाचे ८०८० वर ऐकतोय. येणारी-जाणारी पॅकेट दाखवणारं टीसीपीडंप लावून काकांना पान पुन्हा उघडायला सांगितलं: जोडणी मागणारं पॅकेट आलं. एका सेकंदाने तेच पुन्हा आलं, आणखी दोन सेकंदांनी पुन्हा. आपल्याकडून उत्तरादाखल काहीच नाही. म्हणजे केबल, स्विच, राउटर यांपैकी कुणाचाच दोष नाही, पॅकेट आपल्या दारात येऊन पडतंय. मग नियमाचा काउंटर, म्हणजे त्याला लागलेल्या पॅकेटची मोजणी, पाहिला. शून्य. पॅकेट मशीनवर येतं, पण त्याला आत घेणाऱ्या नियमापर्यंत पोहोचत नाही. नियमाची रेंज तीनदा वाचली, बरोबर आहे. त्याच्या वर कुठलाही ड्रॉप, म्हणजे पॅकेट टाकून देणारा नियम, नाही.

संध्याकाळी सहापर्यंत ४१ पुस्तकं रजिस्टरवर गेली.

शुक्रवार, २८ जून २०२४

आज अंदाज बांधायचे नाहीत, पॅकेटचा माग काढायचा असं ठरवून आले.

एनएफटेबल्समध्ये यासाठी चांगली सोय आहे. वेगळं छोटं टेबल केलं, त्यात प्रीराउटिंगची, म्हणजे पॅकेट मशीनवर येताच लागणाऱ्या नियमांची, साखळी, प्राधान्य उणे ३००, म्हणजे जवळजवळ सगळ्यांच्या आधी. त्यात एकच नियम: नव्या रेंजमधून ८०८० ला येणाऱ्या पॅकेटवर मागाची खूण कर. दुसऱ्या खिडकीत ट्रेस चालू केला आणि काकांना फोन केला. ओळी आल्या. माझ्या साखळीत खूण झाली, प्रीराउटिंग पार झालं, निर्णय 'पुढे जाऊ द्या'. यानंतर इनपुट साखळीची, म्हणजे याच मशीनसाठी आलेल्या पॅकेटच्या नियमांची, ओळ यायला हवी. ती आली नाही. तीन वेळा पाहिलं, तिन्ही वेळा पॅकेट त्याच जागी नाहीसं झालं.

म्हणजे दोहोंच्या मध्ये कुणीतरी बसलंय आणि ते एनएफटेबल्सच्या यादीत नाही.

मग रोज रात्रीची स्क्रिप्ट न वापरता नियमांची यादी हाताने मागवली. यादीच्या खाली एक ओळ आली: लेगसी टेबलं अस्तित्वात आहेत, ती पाहायला लेगसीची आज्ञा वापरा. ही सूचना १२ वर गेल्यापासून रोज येत असणार. ती एरर आउटपुटवर येते, आणि आमच्या रात्रीच्या स्क्रिप्टमध्ये एरर आउटपुट कचऱ्यात टाकलेलं. मेलमध्ये यायची ती फक्त स्वच्छ यादी.

कर्नलची स्थिती दाखवणाऱ्या प्रॉक फाइलसिस्टिममधली आयपी-टेबल्सच्या नावांची फाइल उघडली. त्यात दोन शब्द, फिल्टर आणि नॅट. जुन्या टेबलांतले नियम उतरवून देणारं लेगसी-सेव्ह चालवलं आणि नियमांचा एक संपूर्ण दुसरा संच समोर आला: २२ आणि ८०८० फक्त अमुक रेंजना, ८० सगळ्यांना, ११९४ व्हीपीएनसाठी, बाकी सगळं ड्रॉप. नवी रेंज त्यात असायचं कारणच नाही.

कुणाला करायची झाली तर ही तपासणी सेव्हनेच करावी. लेगसीच्या यादीची आज्ञा नुसती पाहण्यासाठी दिली तरी ती जुना मोड्यूल (कर्नलचा जोडभाग) चढवते आणि रिकामी टेबलं तयार होतात. मग आधी काय होतं आणि आपण काय केलं, याचा घोळ होतो. सेव्ह फक्त असलेलीच टेबलं दाखवतं.

हे लिहितंय कोण ते शोधायला फार वेळ लागला नाही. व्हीपीएनच्या कंटेनरमध्ये शिरून आयपीटेबल्सची आवृत्ती विचारली. उत्तर: १.६.०. पुढे कंसच नाही, कारण त्या काळी दोन प्रोग्रॅम नव्हतेच. डेबियन ९ मधलं हे आयपीटेबल्स जुन्या टेबलांशिवाय दुसरं काही जाणत नाही. कंटेनर सुरू होताना त्याची स्क्रिप्ट सर्व्हरचे संरक्षक नियमसुद्धा घालते, फक्त व्हीपीएनचे नाही. होस्ट लेगसीवर होता तोवर दोघं एकाच टेबलात लिहीत होते, एकमेकांचं लिहिलेलं दिसत होतं. २३ तारखेला मी होस्ट एनएफटीवर नेला आणि कंटेनर होता तिथेच राहिला.

कर्नलमध्ये दोन्ही टेबलं एकाच हुकवर, म्हणजे पॅकेटच्या वाटेवरच्या एकाच थांब्यावर, एकाच प्राधान्याने टांगलेली असतात. पॅकेटला दोन्हीकडून सुटावं लागतं. एकाने आत घेतलं म्हणून दुसऱ्याचा ड्रॉप रद्द होत नाही, आणि कुणी एकाने टाकलं की तिथे विषय संपला. त्यामुळे मी एनएफटीमध्ये कितीही नियम घातले असते तरी ते काउंटर उघडलं नसतं.

तात्पुरता उपाय म्हणून लेगसीतही नवी रेंज वर घातली. काकांच्या पडद्यावर पान लगेच आलं. कंटेनर पुन्हा सुरू झाला तर हा नियम टिकेलच असं नाही, म्हणून त्याला हात न लावण्याची चिठ्ठी रॅकवर चिकटवली.

दुपारी कालची पुस्तकं रजिस्टरमधून कोहात चढवताना मॅडम शेजारी बसल्या होत्या. क्रमांक वाचता वाचता म्हणाल्या, "दोन ठिकाणी नोंद ठेवली की संध्याकाळी ताळा घ्यावाच लागतो गं." त्या रजिस्टरबद्दल बोलत होत्या. मी रात्रीच्या स्क्रिप्टमधून एरर आउटपुट टाकून देणारा तुकडा काढला आणि लेगसी-सेव्हचा निकालही मेलमध्ये यावा अशी ओळ घातली.

सोमवार, १ जुलै २०२४

दुपारी दुरून लॉगिन देणाऱ्या ओपनएसएसएचच्या दोषाची बातमी आली, नोंद क्रमांक सीव्हीई-२०२४-६३८७. क्वालिस या सुरक्षा कंपनीच्या संशोधकांनी शोधलेला. लॉगिनची मुदत संपताना येणाऱ्या सिग्नलच्या हाताळणीतली शर्यत, म्हणजे दोन कामं अवेळी एकमेकांत घुसण्याची चूक, आहे, आणि लॉगिन न करता बाहेरून रूटपर्यंत, म्हणजे मशीनच्या पूर्ण ताब्यापर्यंत, पोहोचता येऊ शकतं. ८.५पी१ पासून ९.७पी१ पर्यंतच्या आवृत्त्यांत तो आहे. डेबियन १० मधली ७.९ आणि ११ मधली ८.४ यातून सुटतात. १२ मधली ९.२ सापडते. आठ दिवसांपूर्वीच आपण १२ वर आलो.

डेबियनचा दुरुस्त पॅकेज आजच आला. लगेच चढवला आणि एसएसएच पुन्हा सुरू केलं.

त्यानंतर आठवलं: २३ तारखेला २२ पोर्ट सगळ्यांना उघडला होता आणि बंद करायचा राहिला होता. यादीत नियम तसाच उभा. पोटात गोळा आला. मोबाईलच्या हॉटस्पॉटवर लॅपटॉप जोडून बाहेरून पाहिलं. २२ बंद. दहा वेळा पाहिलं, दहाही वेळा बंद. कंटेनरच्या त्या जुन्या लेगसी टेबलाने आठ दिवस तो अडवून धरला होता. रविवारी रात्री घरून जोडणी का झाली नाही तेही कळलं. ब्रॉडबँडचा काहीच दोष नव्हता.

शुक्रवारी लेगसी सापडल्या सापडल्या मी ते पुसून टाकलं असतं तर सोमवारी हा पोर्ट जगाला उघडा असता. आधी एनएफटीमधला तो नियम काढला. लेगसीला आज हात नाही. पुसायच्या आधी त्यातली प्रत्येक ओळ कशासाठी आहे हे लिहून काढायचं आणि ती दुसरीकडे उभी राहिली की मगच ती पुसायची.

शनिवार, ६ जुलै २०२४

जुन्या डेस्कटॉपवर डेबियन १२ टाकून चाचणीचं मशीन केलं, खऱ्या सर्व्हरचे नियम त्यावर आणले. कंटेनर नव्याने बांधला. ओपनव्हीपीएनची आमची जुनी स्क्रिप्ट डेबियन ११ वर चालते हे माहीत होतं म्हणून पायाला ती इमेज घेतली. त्यातलं आयपीटेबल्स १.८.७, कंसात एनएफटी. होस्टवर १.८.९, तेही एनएफटी. आता दोघं एकाच टेबलात लिहिणार, म्हणजे प्रश्न मिटला असं समजून कंटेनर सुरू केला.

एसएसएचची खिडकी शब्द टाइप करता करता गोठली. पिंगही बंद.

मशीनला कीबोर्ड-मॉनिटर जोडला. इनपुट साखळीची पहिलीच ओळ: ड्रॉप. अट काही नाही, नुसता ड्रॉप. सकाळी याच ओळीत 'अमुक मार्क असेल तर ड्रॉप' असं होतं. वाचनकक्षातल्या सार्वजनिक संगणकांच्या पॅकेटवर आम्ही मँगल टेबलात मार्क (खुणेचा आकडा) लावतो आणि ती इथे अडवतो. अटीचा भाग गेला आणि शिक्षा तेवढी राहिली.

असं कसं झालं ते पाहायला कंटेनर बंद करून नियम पुन्हा भरले आणि काहीही न बदलता दोन्हीकडून नुसती यादी घेतली. होस्टचं १.८.९ मार्कसकट ओळ दाखवतं. कंटेनरचं १.८.७ तीच ओळ मार्कशिवाय दाखवतं, तीही कुठली तक्रार न करता. १.८.८ पासून मार्कची अट जुन्या विस्ताराच्या रूपात न लिहिता एनएफटेबल्सच्या स्वतःच्या भाषेत लिहिली जाते. १.८.७ ला ती वाचता येत नाही, म्हणून तो तेवढा भाग गाळून उरलेलं वाक्य पूर्ण असल्यासारखं सांगतो. आमची स्क्रिप्ट फिल्टर टेबल सेव्ह करते, त्यात व्हीपीएनच्या ओळी घालते आणि सगळं परत रिस्टोअर करते. त्या फेऱ्यात गाळलेलं वाक्य खरा नियम होऊन बसलं. २०२२ मध्ये कुबरनेटीस या कंटेनर सांभाळणाऱ्या प्रणालीमध्येही नेमकी हीच अडचण आली होती: होस्टवर १.८.८, कंटेनरमध्ये १.८.७, आणि मार्कवर टेकलेला ड्रॉप सगळ्यांनाच लागू.

मला हे आठवड्यापूर्वीच्या प्रकारापेक्षा गंभीर वाटतं. तेव्हा दोन टेबलं होती, निदान एक सूचना तरी येत होती. इथे टेबल एकच, दोन्हीकडे कंसातला शब्दही सारखा, फरक फक्त शेवटच्या आकड्यात, आणि चूक होताना कुणी काही बोलत नाही. गाळलेली ओळ ड्रॉपची होती म्हणून ती लगेच कळली. तीच जर 'मार्क असेल तर आत घ्या' अशी असती तर दार सताड उघडलं असतं आणि सगळं सुरळीत चाललंय असंच वाटत राहिलं असतं.

बुधवार, १० जुलै २०२४

कंटेनरमध्येही १.८.९ घालणं हा एक मार्ग. आज जुळेल. पुढच्या अपडेटला होस्ट पुढे जाईल, कंटेनर मागे राहील आणि आपण पुन्हा इथेच येऊ. म्हणून ठरवलं: नियम लिहायचे ते होस्टनेच. कंटेनरच्या स्क्रिप्टमधून फायरवॉलचा सगळा भाग काढला, तो फक्त बोगदा उभारील.

होस्टचे नियम एनएफटेबल्सच्या स्वतःच्या टेबलात लिहिले, आयनेट प्रकारचं, म्हणजे आयपीव्ही४ आणि ६ दोन्ही त्यातच. डॉकर स्वतःच्या साखळ्या आयपीटेबल्समार्फत करतो, त्या वेगळ्या टेबलात राहतील, आपण त्यांना शिवणार नाही. यासाठी डेबियनच्या मूळ एनएफटेबल्स फाइलमधली पहिली आज्ञा बदलावी लागते; ती सगळाच रूलसेट (नियमसंच) पुसते, डॉकरचासुद्धा. तिच्या जागी फक्त आपलं टेबल पुसणारी ओळ. सर्व्हिसही रीस्टार्ट करायची नाही, कारण थांबतानाची आज्ञा पुन्हा सगळं पुसते. नियम बदलले की रीलोडच.

बुधवार, १७ जुलै २०२४

आषाढी एकादशी, महाविद्यालयाला सुट्टी. सकाळी नऊला सर्व्हररूममध्ये. इमारतीत मी आणि रखवालदार मामा दोघंच.

क्रम कागदावर लिहून आणला होता. लेगसीचं आजचं सेव्ह फाइलमध्ये. दहा मिनिटांनी ते आपोआप परत भरणारं टायमर सिस्टिमडीमध्ये, म्हणजे मशीनवरच्या सेवा चालवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, लावलं, काही चुकलं आणि मी अडकले तर म्हणून. नवं टेबल चढवलं. नवा कंटेनर सुरू केला. मग लेगसी: आधी तिन्ही साखळ्यांचं धोरण 'आत घ्या', त्यानंतर नियम पुसणं, त्यानंतर रिकाम्या साखळ्या काढणं. धोरण ड्रॉप असताना नियम आधी पुसले तर चालू जोडणीसुद्धा त्याच क्षणी तुटते. हा क्रम लाल शाईने लिहिला होता. नॅट टेबलही तसंच. मग आयपीटेबल-फिल्टर, आयपीटेबल-नॅट आणि शेवटी आयपी-टेबल्स हे मोड्यूल उतरवले. मोड्यूल चढवणाऱ्या मॉडप्रोबच्या काळ्या यादीत नुसतं नाव घालून भागत नाही, स्पष्ट आज्ञा दिली की मोड्यूल तरीही चढतो. म्हणून इन्स्टॉलची ओळ घालून तो चढताच येणार नाही असं केलं.

टायमर रद्द केलं आणि रीबूट केलं.

परत आल्यावर प्रॉकमधली ती नावांची फाइलच नाही. जुन्या काउंटरवरून ८०८० उघडतं, नव्या काउंटरवरून उघडतं. वाचनकक्षातल्या संगणकावरून उघडत नाही, बरोबर. हॉटस्पॉटवरून ८० उघडतं, २२ आणि ८०८० बंद. व्हीपीएनमधून २२ उघडतं. प्रत्येक वेळी आपल्या टेबलातला काउंटर एकाने पुढे सरकताना पाहिला, त्याशिवाय पुढची चाचणी घेतली नाही.

साडेअकराला मामांनी उपवासाची खिचडी आणून दिली.

शुक्रवार, १९ जुलै २०२४

रात्रीच्या मेलमध्ये आता तीन गोष्टी येतात: एनएफटीचा पूर्ण रूलसेट, लेगसी-सेव्ह (रिकामं), आणि होस्ट व प्रत्येक कंटेनरमधल्या आयपीटेबल्सची आवृत्ती कंसासकट. व्हीपीएनच्या कंटेनरमधून आयपीटेबल्सचं पॅकेजच काढलं, तिथे आता 'नाही' असं येतं.

आधीच्या सरांना फोन केला. पाच वर्षांपूर्वीची गोष्ट, तरी त्यांना लख्ख आठवत होती. २०१९ मध्ये सर्व्हर डेबियन १० वर गेला त्या आठवड्यात व्हीपीएनवरून कुणालाच आत येता येईना. दोन दिवस शोधल्यावर कंटेनरचं आयपीटेबल्स जुनं आहे हे त्यांना सापडलं. परीक्षा तोंडावर होती, कंटेनर नव्याने बांधायला वेळ नव्हता, म्हणून त्यांनी होस्टच लेगसीवर आणला, दोघांचं लिहिणं एका जागी राहावं म्हणून. "लिहून ठेवायला हवं होतं मी," ते म्हणाले. मी त्यांना सांगितलं की त्यांच्या त्या कंटेनरनेच १ जुलैला २२ पोर्ट राखला होता.

त्यांचं कारण त्यांच्याच शब्दांत सर्व्हरच्या माहितीच्या फाइलमध्ये लिहिलं, २०१९ च्या तारखेखाली. त्याखाली २३ जून, ६ जुलै आणि १७ जुलै.